नायिकेचं नाव पत्रकावर छापा : फिल्म सोसायट्यांच्या मंडळींना खुले पत्र

महाराष्ट्रातल्या फिल्म सोसायट्यांचे कार्यक्रम ठरवणाऱ्या सर्व मंडळींस,

स. न. वि. वि.

दर दोन-चार वर्षांनी तुमच्यापैकी कोणी ना कोणी स्पॅनिश सिनेमाचा सप्ताह करतं. मी सभासद आहे, वर्गणी थकवत नाही आणि स्पॅनिश शिकवून पोट भरत असल्यामुळे असले सप्ताह सहसा चुकवत नाही. तेव्हा थोडं भांडायचा हक्क आहे असं धरून चालते.

भांडण असं की सप्ताह कुठेही झाला तरी त्याचा आराखडा ठरलेला. सुरुवात दिग्दर्शक बुन्युएलच्या १९२९ च्या 'अँ शिआँ आंदालू' या मूकपटाने, म्हणजे तो वस्तरा आणि तो डोळा. मग चहा. चहानंतर आपण थेट १९५० च्या दशकात, बेर्लांगा आणि बार्देम या दिग्दर्शकांकडे. मधल्या वीस वर्षांबद्दल पत्रकात जेमतेम एक वाक्य : यादवी युद्ध झालं, हुकूमशहा फ्रँको आला, सिनेमा थंडावला. रसग्रहण शिबिरांतही हेच सांगतात आणि नवी मुलं तेच वहीत उतरवून घेतात.

युद्ध झालं हे खरंच. पण ते सुरू झालं १९३६ च्या जुलैत. त्याआधीची चार वर्षं ही स्पॅनिश बोलपटाची चढती वर्षं होती, आणि ती आपण गाळतो. १९३० च्या जानेवारीत बुर्गोस शहरात फ्रान्सिस्को एलियासचा पहिला स्पॅनिश बोलपट लागला तेव्हा आवाजाची यंत्रणा बसवलेली चित्रपटगृहंच इतकी थोडी होती, की तो कुणापर्यंत धड पोचला नाही. पुढची दोन वर्षं देशात बोलपटाजोगा स्टुडिओ नव्हता. १९३२ मध्ये बार्सिलोनात, जागतिक प्रदर्शनासाठी बांधलेल्या रसायनशास्त्राच्या दालनात, ओरफेआ स्टुडिओ उभा राहिला. त्याच वर्षी वालेन्सियात सिफेसा ही कंपनी निघाली. माद्रिदच्या बाजूला आणखी स्टुडिओ आले. १९३५ पर्यंत दिग्दर्शक फ्लोरियान रेयचे चित्रपट स्पेनमध्येच काय, लॅटिन अमेरिकेतही गर्दी खेचत होते. तुमचा लाडका बुन्युएल तेव्हा कुठे होता? तो माद्रिदला फिल्मोफोनो कंपनीत निर्माता होता, गाण्यांचे आणि रडारडीचे गल्लाभरू चित्रपट काढत होता आणि दिग्दर्शनावर आपलं नाव जाऊ देत नव्हता. हे त्याने स्वखुशीने केलं. मी ज्या बाईबद्दल लिहायला बसले आहे तिचं नाव दुसऱ्यांनी काढून टाकलं.

तिचं नाव रोसिता दियाझ हिमेनो.

तुमच्या मंडळींपैकी किती जणांनी ते ऐकलंय हे विचारत नाही. स्पेनमध्येसुद्धा इम्पेरिओ अर्जेंतिनाचं नाव घेतलं की आजी-आजोबा गाणं म्हणायला लागतात. रोसिताचं घेतलं की विचारतात, कोण? त्यातला काही भाग रास्त आहे. इम्पेरिओ गात होती, तिच्या तबकड्या घरोघरी वाजत होत्या. रोसिता गाण्यावर उभी राहिलेली नटी नव्हती. ती बोलण्यावर, हसण्यावर आणि वेळ साधण्यावर उभी होती. बोलपट नवा असताना या गोष्टीला फार किंमत होती, आणि ही किंमत गाण्यासारखी रेडिओवरून पुढच्या पिढीला ऐकवता येत नाही. त्यासाठी चित्रपटच बघावा लागतो.

ती माद्रिदची. नाटकातून आली. स्पेनमध्ये स्टुडिओ नव्हते त्या दिवसांत हॉलिवूडच्या पॅरमाउंट कंपनीने पॅरिसजवळ ज्वांव्हील इथे एक अजब कारखाना थाटला होता. एकच कथा, एकच सेट. सकाळी फ्रेंच संच येऊन दृश्य उरकून जायचा, मग जर्मन, मग स्वीडिश, मग स्पॅनिश. खुर्च्या त्याच, जिना तोच, नट-नट्या वेगळ्या. एकेका चित्रपटाच्या दहा-बारा भाषांतल्या आवृत्त्या निघत. हॉलिवूडमध्येही हाच प्रकार चालला होता. युनिव्हर्सलचा स्पॅनिश 'ड्रॅक्युला' इंग्रजीच्याच सेटवर रात्रपाळीत चित्रित झाला, हे तुम्ही शिबिरांत सांगता. रोसिताने ज्वांव्हीलमध्ये सुरुवातीची कामं केली. मायक्रोफोनसमोर उभं राहायचं कसं, नाटकातला आवाज खाली आणायचा कसा, हे स्पेनमधल्या नट्यांच्या पहिल्या तुकडीने बऱ्याच अंशी परदेशात शिकून घेतलं.

इथे एक गंमत सांगून टाकते, कारण ती तुमच्या कामाची आहे. अशा आवृत्त्यांमध्ये एकाच घरातला बाप मेक्सिकोच्या ढंगाने बोले, मुलगी अर्जेंटिनाच्या आणि नोकर माद्रिदच्या. प्रेक्षक वैतागत. माद्रिदला १९३१ च्या ऑक्टोबरात स्पेन आणि लॅटिन अमेरिकेतल्या सिनेमावाल्यांची परिषदच भरली होती, तीत भाषेचा मुद्दाही होता. आणि यांतल्या काही आवृत्त्या आज मूळ चित्रपटापेक्षा मोलाच्या ठरल्या आहेत. हॉलिवूडच्या फॉक्स कंपनीचा १९३१ चा 'चार्ली चान कॅरीज ऑन' हा इंग्रजी गुप्तहेरपट हरवला. त्याची स्पॅनिश आवृत्ती 'एरान त्रेसे' शाबूत आहे. आना मारिया कुस्तोदिओ तिच्यात आहे. हीच बाई पुढे बुन्युएलच्या कंपनीच्या पहिल्या चित्रपटात नायिका झाली आणि युद्धानंतर परागंदा झाली. तिच्यावरही कुणीतरी असंच एक पत्र लिहायला हवं, पण एका वेळी एकच भांडण पुरे.

रोसिता परत आली ती प्रजासत्ताकाच्या स्पेनमध्ये. १९३१ च्या एप्रिलमध्ये राजा देश सोडून गेला होता. बायकांना मताचा हक्क मिळाला, १९३२ मध्ये घटस्फोटाचा कायदा झाला, १९३३ मध्ये बायकांनी पहिल्यांदा संसदेसाठी मतदान केलं. पडद्यावर नवी पोरगी हवी होती. रडणारी नको, मठात जाणारी नको. केस कापलेली, गाडी चालवणारी, पुरुषाला दोन गोष्टी सुनावून वर हसणारी. दिग्दर्शक बेनितो पेरोखोला ती रोसितात सापडली. १९३३ या एका वर्षात पेरोखोने तिला घेऊन हलक्याफुलक्या विनोदी चित्रपटांचा धडाका लावला. 'सुसाना तिएने उन सेक्रेतो', म्हणजे सुसानाचं एक गुपित आहे, हा त्यांतला. त्याच सुमारास फ्लोरियान रेयने तिला डाकूंच्या गोष्टीत घेतलं. पेरोखोचे त्या काळातले काही चित्रपट आज कुठेच उपलब्ध नाहीत, त्यामुळे तिच्या ऐन भरातल्या कामाची आपल्याकडे भोकं पडलेली नक्कल आहे. १९४५ च्या ऑगस्टमध्ये माद्रिदच्या रिएरा प्रयोगशाळेला आग लागली. नायट्रेट फिल्म ती, चटकन पेट घेणारी. स्पॅनिश चित्रपटांच्या निगेटिव्हचे ढीगच्या ढीग जळाले. पुण्यात २००३ च्या जानेवारीत राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाच्या फिल्म कशा जळाल्या ते ज्यांना आठवतं, त्यांना याहून जास्त सांगायला नको.

शाबूत राहिलेल्यांत 'ला दोलोरोसा' आहे, १९३४ चा. होसे सेर्रानोच्या लोकप्रिय सार्सुएलावर, म्हणजे तिथल्या संगीत नाटकावर, आधारलेला. दिग्दर्शक कोण? झाँ ग्रेमियोँ. हो, तोच, ज्याच्या फ्रेंच चित्रपटांवर तुम्ही भक्तिभावाने कार्यक्रम करता. स्पेनमधलं त्याचं काम मात्र तुमच्या त्या कार्यक्रमांत नसतं. गोष्ट अशी : प्रेमात तोंडघशी पडलेला चित्रकार मठात जातो आणि दुःखी मेरीचं चित्र काढायला घेतो, तर चेहरा उमटतो जुन्या प्रेयसीचा. मग ती प्रेयसीच एक दिवस पोर कडेवर घेऊन मठाच्या दारी येते. ती रोसिता. खरं सांगायचं तर गंभीर भूमिकेत ती मला पुरती पटत नाही. दुःख दाखवताना ती जरा जास्त नीटनेटकी होते. पण ग्रेमियोँचा कॅमेरा तिच्या चेहऱ्याजवळ ज्या धीराने थांबतो तो बघण्यासारखा आहे, आणि चित्रातल्या मेरीचा चेहरा की बाईचा चेहरा हा कथेतला प्रश्न तिच्यामुळे खरा वाटतो.

मग फॉक्सने तिला हॉलिवूडला नेलं. १९३५ चा 'आंखेलिना ओ एल ओनोर दे उन ब्रिगादिएर', म्हणजे आंखेलिना किंवा ब्रिगेडियरची अब्रू, हा चित्रपट मला तिच्या सगळ्या कामांत गमतीचा वाटतो, कारण तो पद्यात आहे. सगळाच्या सगळा. नाटककार एन्रिके खार्दिएल पोन्सेलाने एकोणिसाव्या शतकातल्या अब्रू-अब्रू करणाऱ्या पद्य नाटकांची टर उडवणारं नाटक लिहिलं होतं. ब्रिगेडियरची मुलगी लग्न ठरलेलं असताना दुसऱ्याबरोबर पळते. तो दुसरा तिच्या आईचाही प्रियकर. आणि बाप द्वंद्वयुद्धाला निघतो. हॉलिवूडच्या स्टुडिओत, अमेरिकन दिग्दर्शक लुई किंगच्या हाताखाली, हे यमकबद्ध संवाद म्हणायचे आणि तेही सहज बोलल्यासारखे, असं काम होतं. तिथे रोसिताची नाटकातली तालीम आणि ज्वांव्हीलची तालीम दोन्ही कामी आल्या. त्याच वर्षी तिने फॉक्ससाठी 'रोसा दे फ्रान्सिया' हा दरबारी थाटाचा चित्रपट केला. मग फॉक्सचं दुसऱ्या कंपनीत विलीनीकरण झालं आणि स्पॅनिश चित्रपटांचा तो विभागच गुंडाळला गेला. रोसिता मायदेशी परतली. त्या वेळी हा निर्णय शहाणपणाचाच होता. स्पॅनिश सिनेमा तेव्हा जोरात होता आणि तिच्यासारखी नटी सिफेसाला हवीच होती.

आता मुख्य गोष्टीकडे येते.

१९३६ च्या उन्हाळ्यात सिफेसाने 'एल खेनिओ आलेग्रे' हाती घेतला. आल्वारेझ किंतेरो बंधूंचं हे नाटक तीस वर्षं चालत आलेलं होतं. अंदालुसियातला एका सरदार घराण्याचा वाडा. वाड्यात देवधर्म आणि शिस्तीत गढलेली मालकीण, तिचा आंबट चेहऱ्याचा कारभारी आणि घरात जीव रमत नाही म्हणून बाहेर उंडारणारा मुलगा. तिथे कोन्सोलासिओन नावाची नात्यातली मुलगी राहायला येते आणि नुसत्या हसण्याबोलण्याने वाड्याची दारं-खिडक्या उघडते. नावाचा अर्थच आनंदी स्वभाव. कोन्सोलासिओन अर्थातच रोसिता. दिग्दर्शक फर्नांदो देल्गादो बाह्यचित्रीकरणासाठी सगळ्यांना घेऊन कोर्दोबाला गेला.

१८ जुलैला कोर्दोबाची छावणी प्रजासत्ताकाविरुद्धच्या लष्करी उठावात सामील झाली आणि संध्याकाळपर्यंत शहर बंडखोर सैन्याच्या हाती गेलं. युनिट जिथल्या तिथे अडकलं. कॅमेरे, कच्ची फिल्म, तंत्रज्ञ असं सगळं बंडखोरांना आयतं मिळालं. देल्गादोने पुढे त्यांच्यासाठी प्रचारपट काढले. रोसिता रिपब्लिकन, म्हणजे प्रजासत्ताकाच्या बाजूच्या, विचारांची होती आणि हे लपलेलं नव्हतं. समाजवादी नेते हुआन नेग्रीन यांच्या मुलाशी तिचं जुळलेलं होतं. नेग्रीन त्याच सप्टेंबरात प्रजासत्ताकाचे अर्थमंत्री झाले आणि पुढच्या मे महिन्यात पंतप्रधान. तिला अटक झाली. दक्षिण स्पेनवर तेव्हा जनरल केइपो दे ल्यानोचा अंमल होता. हा गृहस्थ रोज रात्री सेव्हिलच्या रेडिओवरून लोकांना धमकावत असे, आणि धमक्या नुसत्या तोंडच्या नव्हत्या. रोसिताला गोळ्या घातल्याची अफवा परदेशातल्या वृत्तपत्रांपर्यंत पोचली. ती जिवंत होती. अखेर सुटली आणि स्पेनबाहेर पडली.

त्याच संचात एदमुंदो बारबेरो हा नट होता. तोही अडकला. सुमारे सहा महिन्यांनी निसटला आणि १९३७ मध्ये त्याने 'एल इन्फिएर्नो आसुल' नावाचं पुस्तक लिहिलं : निळा नरक, केइपोच्या मुलखातले सहा महिने. निळा म्हणजे बंडखोरांच्या बाजूच्या फालांखे पक्षाच्या शर्टांचा निळा. पुढे तो लॅटिन अमेरिकेत गेला आणि एल साल्वादोरमध्ये त्याने रंगभूमीवर पिढ्या घडवल्या.

आणि त्याच संचात तिसरा एक जण होता, फर्नांदो फर्नांदेझ दे कोर्दोबा. हा बंडखोरांच्या बाजूला गेला. आवाज चांगला, म्हणून त्यांच्या राष्ट्रीय रेडिओवर युद्धपत्रकं वाचायला लागला. १ एप्रिल १९३९ रोजी युद्ध संपल्याचं फ्रँकोचं शेवटचं पत्रक साऱ्या देशाने ऐकलं ते याच्या तोंडून.

एकाच चित्रपटाचा संच, एकच जुलै. नायिका तुरुंगात, एक नट पळून जाऊन साक्ष लिहितो आणि दुसरा विजयाची घोषणा वाचतो. यादवी युद्धावर तुम्ही दाखवता ते सगळे चित्रपट नंतरच्या लोकांनी, नंतरच्या काळात रचलेले आहेत. या चित्रपटाच्या रिळांतून युद्ध अक्षरशः गेलेलं आहे, आणि हा चित्रपट आपल्याकडे कुणी दाखवत नाही.

दाखवता येईल, कारण तो पुरा झाला. सिफेसाचे पैसे अडकले होते, बाह्यचित्रीकरण डब्यात पडलेलं होतं. युद्ध संपल्यावर देल्गादोने उरलेली दृश्यं चित्रित केली. नायिका मात्र देशाबाहेर, शत्रूपक्षाच्या पंतप्रधानांची सून. मग काय केलं? डमी आणली. तिला पाठमोरी उभी केली, लांबून घेतली. रोसिताचे कोर्दोबातले जवळचे शॉट आणि डमीची पाठ यांची सांधेजोड केली. चित्रपट १९३९ मध्येच प्रदर्शित झाला. आणि श्रेयनामावलीतून रोसिता दियाझ हिमेनो हे नाव काढून टाकलं. बारबेरोचंही काढलं.

पडद्यावर हे कसं दिसतं ते सांगते. नावांच्या पाट्या येतात, जातात. किंतेरो बंधू आहेत, दिग्दर्शक आहे, कंपनी आहे. मग चित्रपट सुरू होतो आणि जिचं नाव नाही ती बाई हसत पडद्यावर येते. काही वेळ सगळं ठीक. मग एखाद्या दृश्यात तिचा चेहरा हवा अशा जागी कॅमेरा तिच्या मागे जाऊन उभा राहतो. समोरचे नट तिच्याकडे बघून बोलत असतात, प्रतिक्रिया त्यांच्या चेहऱ्यांवर उमटतात, आणि ज्या चेहऱ्यामुळे त्या उमटायला हव्यात तो आपल्याला दिसत नाही. पुन्हा अंगण येतं, ऊन येतं आणि चेहरा परत येतो. एकदा हे लक्षात आलं, की बाकीचा चित्रपट तुम्ही गोष्टीसाठी बघत नाही. कुठला तुकडा जुलैचा आणि कुठला तीन वर्षांनंतरचा, हे शोधत बघता. माझ्या मते संकलन शिकणाऱ्या मुलांना यापेक्षा चांगला धडा मिळणार नाही.

हे कुणी केलं? सेन्सॉरने एकट्याने नव्हे. कंपनी, वितरक, प्रयोगशाळा, सगळ्यांनी मिळून. कुणी फार दुष्ट होतं असंही नाही; चित्रपट विकायचा होता. त्यानंतर ज्याने ज्याने प्रिंट पाहून यादी केली, त्याने त्याने तेच उतरवलं. म्हणून मी पत्र तुम्हाला लिहिते आहे. स्पेनच्या सरकारला पत्र लिहून मी काय करणार? पण पत्रकं तुम्ही छापता.

पुढचं थोडक्यात. रोसिताने नेग्रीनच्या मुलाशी, धाकट्या हुआन नेग्रीनशी, संसार केला. तो न्यूयॉर्कमध्ये मेंदूचा शल्यविशारद होता. १९३८ मध्ये अमेरिकेतच तिने गिल्बर्ट रोलांड या नटाबरोबर 'ला विदा बोएमिया' हा स्पॅनिश चित्रपट केला. त्यानंतर मोठी पोकळी. १९४६ मध्ये मेक्सिकोत दिग्दर्शक एमिलिओ फर्नांदेझने तिला 'पेपिता हिमेनेझ' मध्ये नायिका केलं. हुआन वालेराच्या कादंबरीवरचा चित्रपट. देवाला वाहून घेतलेल्या तरुणाचा निश्चय डळमळीत करणारी अंदालुसियातली तरुण विधवा. तो तरुण म्हणजे रिकार्दो मोंताल्बान, जो पुढे 'स्टार ट्रेक' मध्ये खान नूनियन सिंग म्हणून आपल्याला भेटला. ज्या अंदालुसियात तिला कैद झाली होती, तोच अंदालुसिया दहा वर्षांनी मेक्सिकोत सेट लावून उभा केला आणि ती तिथे पुन्हा तिथलीच बाई होऊन वावरली. यातली कडू गंमत तिच्या लक्षात आली नसेल असं मला वाटत नाही. १९८६ मध्ये ती न्यूयॉर्कला वारली.

तुलनेसाठी : इम्पेरिओ अर्जेंतिना आणि फ्लोरियान रेय युद्धाच्या काळात बर्लिनला गेले आणि तिथे नाझी राजवटीच्या मेहेरबानीने स्पॅनिश चित्रपट काढून परतले. त्यांची नावं सगळ्या पाट्यांवर शाबूत राहिली. इम्पेरिओची गाणी मलाही आवडतात, त्याबद्दल माझं काही म्हणणं नाही. पण कुणाचं नाव टिकलं आणि कुणाचं पुसलं हे अभिनयावरून ठरलं नाही, एवढं तरी शिबिरात सांगायला हरकत नसावी.

तुमच्या शंका मला माहीत आहेत. समिती म्हटली की पहिली शंका प्रिंटची. माद्रिदला फिल्मोतेका एस्पान्योला ही सरकारी संस्था १९५३ पासून जुने चित्रपट जतन करण्याचंच काम करते. दिल्लीत इन्स्तितुतो सेर्वांतेस ही स्पेनची सांस्कृतिक संस्था आहे, त्यांच्यामार्फत विचारणा करता येते. आपण बेर्लांगासाठी पत्रव्यवहार करतो, तर यासाठी का नाही? दुसरी शंका दर्जाची. 'एल खेनिओ आलेग्रे' थोर चित्रपट नाही, कबूल. नाटकाचा वास जात नाही आणि कारभाऱ्याची पात्ररचना बटबटीत आहे. पण सप्ताहात तुम्ही दाखवलेले सगळेच थोर होते का? मागे एका रविवारी सभागृहात आम्ही तिघे-चौघे आणि पंखे एवढेच जागे होतो, आणि तो चित्रपट पारितोषिकविजेता होता.

तिसरी शंका बोलून दाखवली जात नाही, पण असते : आपल्या प्रेक्षकाला याचं काय? माझं म्हणणं, आपल्याच प्रेक्षकाला हे सगळ्यांत चटकन कळेल. ज्या १९३२ मध्ये बार्सिलोनात ओरफेआ उभा राहिला, त्याच वर्षी कोल्हापुरात प्रभातने 'अयोध्येचा राजा' मराठी आणि हिंदी अशा दोन्ही भाषांत काढला. तोच सेट, दोनदा चित्रीकरण. ज्वांव्हीलमध्ये भाषा बदलली की नटी बदलायची; इथे गोविंदराव टेंबे आणि दुर्गाबाई खोटे दोन्ही भाषा स्वतःच बोलले. बोलपट आला तेव्हा भाषा, उच्चार, नाटकातून आलेला आवाज, घराण्यातल्या बाईने पडद्यावर यावं की नाही, हे सगळे प्रश्न एकाच वेळी दोन्हीकडे भिडले होते. प्रभातच्या पुण्यातल्या स्टुडिओत आज सिनेमा शिकवला जातो. तिथल्या मुलांना माद्रिदची ही गोष्ट परकी वाटायचं कारण नाही.

तर मागणी. पुढच्या स्पॅनिश सप्ताहात एक संध्याकाळ रोसिता दियाझ हिमेनोला द्या. 'ला दोलोरोसा', 'एल खेनिओ आलेग्रे' आणि 'पेपिता हिमेनेझ' हे तीन चित्रपट मिळवण्याचा प्रयत्न करा. तिन्ही नाही जमले तर मधला एकटा पुरे, पण तो हवाच. ग्रेमियोँवर कार्यक्रम कराल तेव्हा 'ला दोलोरोसा' त्यात घाला. 'एल खेनिओ आलेग्रे'च्या पत्रकावर कलाकारांच्या यादीत तिचं नाव पहिलं आणि बारबेरोचं त्याच्या जागी छापा, आणि खाली एका ओळीत लिहा की ही दोन नावं प्रिंटवर नाहीत आणि का नाहीत. फर्नांदेझ दे कोर्दोबाचं नावही छापा. पुसापुशी आपण करायची नाही. रसग्रहण शिबिरातलं ते वाक्य, सिनेमा थंडावला वगैरे, कृपा करून बदला.

इंग्रजी सबटायटल्स मिळाली नाहीत तर अडू नका. 'एल खेनिओ आलेग्रे'च्या संवादांचा मराठी गोषवारा मी करून देईन, खेळाआधी वाटता येईल इतका, मानधन नको. पुढच्या वर्षाची आखणी तुम्ही दिवाळीनंतर करता म्हणून आत्ताच लिहिते आहे. माद्रिदला पाठवायच्या पत्राचा स्पॅनिश मसुदाही तयार आहे, संस्थेचं नाव आणि सचिवांची सही तेवढी हवी. आणि पत्रकाचा मजकूर छपाईला जाण्याआधी एकदा माझ्याकडे पाठवा, मागच्या वेळी बेर्लांगाचं बर्लिंग्टन झालं होतं.

आपली,
एक जुनी सभासद